रानांतील अज्ञात आवाज

क्रांतिकारकांच्या प्रणयकथा कादंबरींत गोड लागतात. पण भूमिगत माणसास प्रेमाला फुरसत कोठली? आपल्या बीड जिल्ह्यांतील जुन्या मंडळींस हें सांगावयास नको. निजामी अमलांत, १९४७-४८ सालीं, रझाकारांच्या जुलुमामुळें कित्येक कार्यकर्ते घरदार सोडून सरहद्दीपलीकडील शिबिरांत राहिले होते. सप्टेंबर १९४८ मध्यें आपण सुटलों. गोव्यास मात्र आणखी तेरा वर्षें थांबावें लागलें, आणि सरहद्दीचा असाच आश्रय तेथील दोन तरुण जिवांनीं निराळ्या रीतीनें घेतला.

गोव्यांतील सालाझारशाहीचा मोठा पहारेकरी म्हणजे सेन्सॉर. लग्नपत्रिका छापावयाची झाली तरी तिला त्याची संमति लागे! १५ ऑगस्ट १९५५ रोजीं निःशस्त्र सत्याग्रही हद्दींत शिरले, तेव्हां पोर्तुगीजांच्या गोळीबारांत वीसांहून अधिक माणसें मेलीं. पुढें सीमा बंद झाली आणि आंतल्या लोकांना खरी बातमी मिळेनाशी झाली. कागद अडवितां येतो. आवाज कसा अडविणार?

त्याच वर्षीं २५ नोव्हेंबरला आंबोलीच्या रानांतून एक गुप्त नभोवाणी बोलूं लागली. तिचें नांव 'व्होझ द लिबर्दाद', म्हणजे स्वातंत्र्याचा आवाज. दादरा-नगरहवेली १९५४ सालीं मुक्त झाली, तेव्हां पोर्तुगीजांकडून हातीं लागलेल्या बिनतारी यंत्रांतून हें प्रक्षेपणयंत्र सिद्ध केलें आणि ट्रकवर बसविलें. शत्रूच्याच यंत्रानें शत्रूचें खोटें उघडें पाडावें, ही मला त्यांतील मोठी मौज वाटते. यंत्र भारताच्या हद्दींत आणि श्रोता गोव्यांत; लहरींना नाकें नसतें. पुढें हें केंद्र कॅसलरॉकच्या जंगलांत गेलें. बोलणें कोंकणींत होई तें जनतेसाठीं, आणि पोर्तुगीजमध्यें होई तें राज्यकर्त्यांच्या कानांसाठीं.

बोलणारीं दोघें म्हणजे वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो. एक हिंदु, दुसरी ख्रिस्ती. लिबियाबाईंनीं दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत मुंबईस सेन्सॉर कचेरींतच नोकरी केली होती! आतां वस्ती रानांत, पाऊस आंबोलीचा, सोबतीला जळवा नि साप. हेरांची भीति निराळीच. आवाज हजारोंनीं ऐकावा, पण चेहरा कोणीं पाहूं नये, असें हें जिणें सहा वर्षें चाललें. यास प्रणय म्हणावें काय? मी तर म्हणेन, अवश्य म्हणावें. चंद्र नि चांदणें त्यांत नसेल. एकाचा घसा बसला तर दुसऱ्यानें बोलावें, एवढा भरंवसा मात्र असलाच पाहिजे.

१९ डिसेंबर १९६१ रोजीं ४५१ वर्षांची पोर्तुगीज सत्ता संपली. त्या दिवशीं हीं दोघें विमानांतून पणजीवर फिरलीं आणि ध्वनिवर्धकावरून त्यांनीं मुक्तीची वार्ता आकाशांतून सांगितली. विवाह त्यांनीं केला तो त्यानंतर तीन वर्षांनीं, १९६४ सालीं. तोंवर पत्रिका तपासणारा सेन्सॉर गोव्यांत उरला नव्हता. वामनराव पुढें अंगोलांत भारताचे राजदूत झाले. लिबियाबाईंस पद्मश्री जाहीर झाली ती २०२५ सालीं, वयाच्या शंभराव्या वर्षीं.