विश्लेषण : आयर्लंडचे आडनाव, मध्य प्रांताचा कायदा आणि ‘गुंडा’ची व्याख्या

जबलपूर : गुंड म्हणजे नेमके कोण, या प्रश्नाचे उत्तर मध्य प्रांत व वऱ्हाडच्या कायद्याने १९४६ मध्ये तीन इंग्रजी शब्दांत दिले होते. त्या वर्षीच्या ‘गुंडा कायद्या’नुसार गुंडा म्हणजे ‘हूलिगन’, ‘रफ’ किंवा ‘व्हॅगाबाँड’. याखेरीज सार्वजनिक शांततेला धोकादायक असलेली व्यक्तीही या व्याख्येत समाविष्ट होती. ‘रफ’ म्हणजे दांडगट आणि ‘व्हॅगाबाँड’ म्हणजे भटक्या, हे समजण्यासारखे आहे. पहिला शब्द मात्र बहुधा एका आयरिश आडनावावरून आलेला आहे.

हा कायदा झाला तेव्हा प्रांताची राजधानी नागपूर होती आणि जबलपूरपासून बुलढाण्यापर्यंतचा मुलूख एकाच प्रशासनाखाली होता. म्हणजे लंडनच्या गल्लीबोळांतून निघालेले एक टोपणनाव अवघ्या अर्धशतकात विदर्भातील आणि महाकोशलातील माणसाला घराबाहेर काढण्याच्या सरकारी अधिकाराचा आधार बनले. पुढे याच व्याख्येने हा कायदा न्यायालयात अडचणीत आणला. तो निकाल समजून घेण्यासाठी आधी या शब्दाचा प्रवास पाहावा लागतो.

‘ओ हूलाखान’ असा काहीसा उच्चार असलेले मूळ आयरिश कुलनाम इंग्रजीत ‘हूलिहान’ किंवा ‘हुलिहान’ झाले. त्यामागील आयरिश शब्दाचा अर्थ ‘अभिमानी’, ‘मानी’ असा आहे. १८९८ च्या उन्हाळ्यात लंडनच्या वृत्तपत्रांत रस्त्यावरील टोळक्यांच्या मारामाऱ्यांच्या बातम्या येऊ लागल्या आणि त्या टोळक्यांतील तरुणांना ‘हूलिगन’ म्हटले जाऊ लागले. दुसऱ्याच वर्षी क्लॅरेन्स रूक या पत्रकाराने ‘द हूलिगन नाइट्स’ हे पुस्तक लिहिले आणि पॅट्रिक हूलिगन नावाच्या एका दांडगेश्वराला या शब्दाचे जनकत्व बहाल केले. त्या काळातील करमणुकीच्या रंगमंचावर धिंगाणा घालणाऱ्या हूलिगन कुटुंबाचे एक गाणेही प्रचलित होते. व्युत्पत्ती सांगताना कोशकार आजही ‘बहुधा’ हा शब्द सोडत नाहीत. मात्र लंडनमधील गरीब आयरिश स्थलांतरितांकडे तेव्हा कोणत्या नजरेने पाहिले जात असे, याची साक्ष या शब्दाइतकी थोडक्यात क्वचितच मिळेल. विशेष म्हणजे याच कुलनामाने आयर्लंडला मातृभूमीचे मानवी रूप दिले आहे. डब्ल्यू. बी. येट्स आणि लेडी ग्रेगरी यांच्या १९०२ च्या नाटकातील ‘कॅथलीन नी हूलिहान’ ही वृद्धा म्हणजे परवशतेत सापडलेली आयर्लंडच होय. एकाच नावाने एका शहरात मवाली ओळखले जात होते आणि दुसऱ्या शहरात देशमाता.

बोलीभाषेत शिरलेला शब्द एका अर्थावर थांबत नाही. अमेरिकेत १९०० साली फ्रेडरिक बर ऑपर यांनी ‘हॅपी हूलिगन’ ही चित्रमालिका सुरू केली. डोक्यावर पत्र्याचा डबा टोपीसारखा घातलेला, दुसऱ्याचे भले करायला जाणारा आणि दर वेळी स्वतःच मार खाणारा हा भणंग नायक १९३२ पर्यंत वाचकांना हसवत राहिला. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या किनाऱ्यावर पाणबुड्यांची टेहळणी करण्यासाठी खासगी शिडाच्या नौका आणि हौशी खलाशी गोळा करण्यात आले. त्या बेशिस्त दिसणाऱ्या ताफ्याला ‘हूलिगन नेव्ही’ हे लाडके नाव पडले. अलास्कात ‘युलाखॉन’ नावाचा एक तेलकट छोटा मासा मिळतो. स्थानिक भाषेतील हे नाव इंग्रजी जिभेला न पेलल्याने तेथे त्यालाच ‘हूलिगन’ म्हणतात. बंद दरवाजे उचकटण्यासाठी अग्निशामक जवान जी लोखंडी पहार वापरतात, ती न्यूयॉर्कमधील ह्यू हॅलिगन या अधिकाऱ्याने घडवली. पण त्या ‘हॅलिगन’चेही अनेकांच्या तोंडी ‘हूलिगन’ होते. हेही आडनाव आयरिशच, हा योगायोग.

रशियन भाषेने हा शब्द विसाव्या शतकाच्या आरंभीच उचलला आणि ‘खुलिगान’ असा आपला केला. खोडकर नातवाला रशियन आजी आजही कौतुकाने ‘खुलिगान’ म्हणते. कवी सेर्गेई येसेनिन याने तर हे बिरूद स्वतःहून मिरवले. परंतु त्याच भाषेत हा शब्द दंडसंहितेतही गेला. सोव्हिएत रशियाच्या १९२२ च्या संहितेत ‘खुलिगानस्त्वो’ हा स्वतंत्र गुन्हा ठरला आणि दारूच्या नशेत घातलेल्या गोंधळापासून राज्यकर्त्यांना न आवडणाऱ्या वर्तनापर्यंत बरेच काही त्यात बसवता येऊ लागले. २०१२ मध्ये मॉस्कोतील मुख्य चर्चमध्ये निषेधगीत गाणाऱ्या ‘पुसी रायट’ गटातील तरुणींना दोन वर्षांची शिक्षा झाली, ती याच नावाच्या कलमाखाली. पुढल्या वर्षी आर्क्टिक समुद्रातील तेलविहिरीवर निदर्शने करणाऱ्या ग्रीनपीसच्या ३० जणांवर आधी चाचेगिरीचा आरोप ठेवण्यात आला आणि नंतर तो बदलून ‘खुलिगानस्त्वो’ करण्यात आला. आजीच्या तोंडचा शब्द आणि फिर्यादीच्या कागदावरील शब्द एकच. ऐकणाऱ्याने काय समजायचे, ते बोलणाऱ्याच्या हातात कोणता अधिकार आहे यावर ठरते.

भारतीय वाचकाला हा शब्द परिचित झाला तो मुख्यतः फुटबॉलच्या बातम्यांतून. २९ मे १९८५ रोजी ब्रसेल्सच्या हेसेल मैदानावर झालेल्या धुमश्चक्रीत ३९ जणांचा बळी गेला आणि इंग्लिश क्लबांवर युरोपीय स्पर्धांत पाच वर्षे बंदी आली. मराठी वृत्तपत्रांनी अशा प्रेक्षकांना ‘हुल्लडबाज’ म्हटले. ‘हूलिगन’ आणि ‘हुल्लड’ यांतील ध्वनिसाम्य फसवे आहे. ‘हुल्लड’ हा आपल्याकडचा शब्द असून त्याचा आयर्लंडशी संबंध नाही. अशीच गफलत ‘गून’ या इंग्रजी शब्दाबाबत होते. तो ‘गुंडा’वरून आला असे आपल्याकडे अनेकांना वाटते, पण कोशकार त्याचा संबंध अमेरिकी बोलीतील ‘मूर्ख’ या अर्थाच्या शब्दाशी आणि पॉपॉयच्या चित्रमालिकेतील एका राक्षसी पात्राशी जोडतात. ‘गुंड’ हे मात्र मराठवाड्यात आणि अहिल्यानगर, सोलापूरच्या पट्ट्यात एक प्रतिष्ठित आडनाव आहे आणि ते धारण करणाऱ्यांना त्याचा खुलासा वारंवार करावा लागतो.

आता पुन्हा १९४६ च्या कायद्याकडे. एखाद्या भागात अशांत परिस्थिती असल्याची उद्घोषणा सरकारने केल्यानंतर जिल्हा दंडाधिकाऱ्याला तेथील ‘गुंडा’च्या हालचालींवर निर्बंध घालता येत आणि त्याला त्या भागाबाहेर जाण्याचा आदेशही देता येत असे. मराठीत ज्याला तडीपारी म्हणतात, तीच ही कारवाई. १९५० मध्ये या कायद्यात दुरुस्ती झाली, पण व्याख्या कायम राहिली. छिंदवाडा जिल्ह्यातील एका रहिवाशावर या कायद्यान्वये कारवाई झाली तेव्हा त्याने न्यायालयात दाद मागितली. राज्य पुनर्रचनेनंतर १ नोव्हेंबर १९५६ पासून मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचे मुख्य पीठ जबलपूरला आहे. या उच्च न्यायालयाने कायदा घटनाबाह्य ठरवला. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९६० मध्ये तेथेही हरले.

सर्वोच्च न्यायालयाने गुंडगिरीला आळा घालण्याचा उद्देश अमान्य केला नाही. आक्षेप पद्धतीवर होता. समोरचा माणूस मुळात गुंडा आहे की नाही, हे आधी ठरवण्याचे बंधन कायद्याने अधिकाऱ्यावर घातले नव्हते. आपण गुंडा नाही, हे सिद्ध करण्याची संधीही त्या माणसाला दिली नव्हती. आणि कोणत्या लक्षणांवरून माणसाला गुंडा मानावे, याबाबत ती व्याख्या काहीही मदत करत नव्हती. एक शिवी समजावण्यासाठी दुसऱ्या तीन शिव्या दिल्या, तर अर्थ स्पष्ट होत नाही, असा या निरीक्षणाचा साध्या मराठीतील आशय म्हणता येईल. संचाराच्या आणि वास्तव्याच्या घटनादत्त स्वातंत्र्यावर इतक्या सैल शब्दाच्या आधारे घाला घालता येणार नाही, म्हणून संपूर्ण कायदा रद्द झाला.

महाराष्ट्राने १९८१ मध्ये स्थानबद्धतेचा कायदा केला तेव्हा त्यात झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले आणि अमली पदार्थांचे गुन्हेगार असे वर्ग करून प्रत्येकाची वेगळी व्याख्या दिली. इतर काही राज्यांत ‘गुंडा’ हा शब्द कायद्यांच्या नावात राहिला.

जबलपूरच्या बाबतीत ही दुसरी वेळ होती. माणसाचे भवितव्य एका शब्दावर टांगण्याचा पहिला प्रयोग येथे त्याआधी सव्वाशे वर्षांपूर्वी झाला होता आणि तो शब्द होता ‘ठग’. १८१७ पर्यंत नागपूरकर भोसल्यांकडे असलेला हा प्रदेश इंग्रजांकडे गेल्यानंतर विल्यम स्लीमन या अधिकाऱ्याने जबलपूरला ठगांविरुद्धच्या मोहिमेचे केंद्र केले. जबलपूर-कटनी मार्गावरील स्लीमनाबाद हे गाव आजही त्याचे नाव सांगते. माफीचे साक्षीदार झालेल्या कैद्यांच्या जबान्यांवरून त्याने त्यांच्या सांकेतिक बोलीचा कोशच तयार केला. ‘रमासीआना’ नावाने तो १८३६ मध्ये कलकत्त्यात छापला गेला. त्या बोलीत सावज ठरलेल्या प्रवाशाला ‘बनिज’, म्हणजे व्यापाराचा माल, म्हणत आणि ‘तंबाखू लाओ’ ही साधी वाटणारी हाक गळा आवळण्याचा इशारा असे. तीन वर्षांनी फिलिप मेडोज टेलर यांच्या ‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’ या कादंबरीने हा शब्द इंग्लंडच्या घराघरांत नेला. निजामाच्या सेवेतील हे टेलर पुढे नळदुर्गला अधिकारी होते. आज इंग्रजीत ‘थग’ म्हणजे कोणताही रांगडा गुन्हेगार, अमेरिकेत तो कृष्णवर्णीय तरुणांना हिणवण्याचा शब्द, आणि टुपाक शकुरने ‘थग लाइफ’ ही अक्षरे पोटावर गोंदवून घेतल्यानंतर बंडखोरीची खूणही. मराठीत मात्र ‘ठकास महाठक’ म्हणताना खून कुणाच्या मनातही नसतो.

कोश तयार झाला, त्याच वर्षी कायदाही झाला. १८३६ च्या तिसाव्या अधिनियमाप्रमाणे ठगांच्या टोळीत कधीही असल्याचे सिद्ध झालेल्या व्यक्तीला सक्तमजुरीसह जन्मठेप देता येत होती. विशिष्ट खून सिद्ध करण्याची गरज नव्हती आणि ‘ठग’ म्हणजे कोण, हे कायद्यात सांगितलेलेच नव्हते. साक्षीदार झालेले कैदी आणि त्यांची कुटुंबे यांच्यासाठी जबलपूरला उद्योगशाळा उघडण्यात आली. तेथे तंबू आणि गालिचे तयार होत. भारतीय दंड संहितेने पुढे ३१० व्या कलमात ठगाची निश्चित व्याख्या केली : लूट किंवा बालकांची चोरी खुनाच्या मार्गाने करण्यासाठी इतरांशी नेहमी संगनमत ठेवणारा. हे कलम १ जुलै २०२४ रोजी भारतीय न्याय संहिता लागू होईपर्यंत पुस्तकात होते. नव्या संहितेत ते नाही.

व्यक्तीऐवजी शिक्क्यावर कारवाई करण्याची ही रीत १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने समूहांना लावली. अनेक जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरल्या. सोलापूरसारख्या ठिकाणी त्यांच्यासाठी वसाहती झाल्या, हजेऱ्या लागल्या. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी हा कायदा रद्द झाला आणि या जमाती ‘विमुक्त’ म्हणवल्या गेल्या. लक्ष्मण गायकवाड यांनी १९८७ मध्ये आपल्या आत्मकथनाला ‘उचल्या’ हे नाव दिले, ते समाजाने लावलेला शब्द टाळून नव्हे, तर मुखपृष्ठावर छापून. १९८८ मध्ये या पुस्तकाला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत १४ नावे आहेत. बेरड, कैकाडी, रामोशी, वडार यांच्यासोबत त्यात ‘भामटा’ आणि ‘राजपूत भामटा’ ही नावेही आहेत. मध्य प्रांतातील जातिजमातींवरील आर. व्ही. रसेल यांच्या १९१६ च्या ग्रंथातही ‘भामटा’ या नावाची नोंद आहे. हे नाव आज विद्यार्थ्याच्या जातप्रमाणपत्रावर अधिकृतपणे लिहिले जाते. त्याच सकाळी, त्याच घरी येणाऱ्या वर्तमानपत्रात वृद्धेची सोनसाखळी लांबवणारा, बँक खाते रिकामे करणारा, नोकरीचे आमिष दाखवणारा प्रत्येक अनोळखी आरोपी ‘भामटा’ असतो. मथळ्यात तीन अक्षरे बसतात, म्हणून उपसंपादकांना हा शब्द सोयीचा वाटतो. ‘चोरटा’ आणि ‘लबाड’ या शब्दांतही तीनच अक्षरे आहेत.