ऑल कोलन ऑल

‘कॉम्प्युटरच्या सुरक्षेवर लिही, पण हॅकरांच्या सुरस कथा नकोत,’ असं संपादकांनी बजावलं होतं. म्हणून पुण्यातल्या एका कॉलेजची सर्व्हर रूम गाठली. तिथल्या सिस्टिम अ‍ॅडमिनना सगळे दादा म्हणतात. तुमच्याकडची सगळ्यात जुनी सुरक्षा दाखवा म्हटल्यावर त्यांनी फायरवॉलकडे ढुंकूनही पाहिलं नाही. काळ्या स्क्रीनवर एका फाइलचं नाव आणलं : लिबरॅप.एसओ.०.७.६.

‘एसओ’ म्हणजे शेअर्ड लायब्ररी. तिच्यातला कोड अनेक प्रोग्राम चालता चालता उसना घेतात. लिबरॅपकडे उसनं मागायचं ते एकच उत्तर : समोरून येणाऱ्या या मशीनला आत घ्यायचं की नाही?

हॅकर टाळायचा म्हटला तरी या फाइलच्या जन्मकथेत तो आहेच. १९९० साली नेदरलँड्समधल्या आइंडहोव्हनच्या तंत्रविद्यापीठात एक घुसखोर पुन्हा पुन्हा शिरत होता, रूटचे, म्हणजे मशीनवरचे सर्वोच्च, अधिकार मिळवत होता आणि जाताना अख्खी डिस्क पुसत होता. लॉगही त्यातच जायचे, मग माग काढायचा कशावरून? तिथल्या विट्से व्हेनेमा यांनी फिंगर, टेलनेट अशा सेवांच्या मूळ प्रोग्रामांना बाजूला सरकवलं आणि त्यांच्या नावाने आपला छोटा प्रोग्राम बसवला. तो पाहुण्याचं नाव टिपून घ्यायचा आणि काम मूळ प्रोग्रामकडे सोपवायचा. बंदी घालण्याची सोय नंतर आली, लायब्ररी त्याच्याही नंतर. पुढे पोस्टफिक्स ही मेलव्यवस्था लिहिणारे व्हेनेमा ते हेच.

नियमांच्या फाइली दोन, होस्ट्स.अलाऊ आणि होस्ट्स.डिनाय. आधी पहिली वाचायची. तिच्यात नाव सापडलं तर प्रवेश. नाहीतर दुसरी, तिच्यात सापडलं तर नकार. दोन्हींत नसेल तर? प्रवेश! फाइलच नसेल तर ती रिकामी आहे असं धरायचं, म्हणजे पुन्हा प्रवेशच. म्हणून जाणते लोक डिनायमध्ये एकच ओळ लिहितात, ‘ऑल : ऑल’. सगळ्या सेवा, सगळ्यांना बंद. ज्यांना घ्यायचं त्यांची नावं अलाऊमध्ये.

नियमासोबत कमांडही जोडता येते. कोणी नको ते दार ठोठावलं की उलट त्याच्याच मशीनला फिंगर करून तिथे कोण बसलंय ते विचारायचं. मात्र हा सापळा फिंगर सेवेलाच लावू नका, असा इशारा मॅन्युअलमध्ये आहे. दोन्हीकडे सापळे असले तर दोन मशीन एकमेकांना ‘तू कोण?’ विचारत बसतील, अखंड. मॅन्युअल वाचताना हसू फुटावं असे प्रसंग विरळाच.

मी रमलो ते मात्र दादांनी पुढे दाखवलेल्या गोष्टीत. चाचणीच्या डेबियन लिनक्स मशीनवर त्यांनी डिनायमध्ये ती एक ओळ लिहिली. शेजारच्या मशीनवरून लॉगिन करून पाहिलं, नकार. मग तीच ओळ पुन्हा लिहिली, फक्त शेवटी एंटर न मारता. स्क्रीनवर दोन्ही फाइली अगदी सारख्या दिसत होत्या. पण आता शेजारच्या मशीनला सरळ पासवर्ड विचारला गेला. ओळ नवओळीच्या चिन्हाने संपली नाही की लिबरॅप ती अर्धवट समजून सोडून देतं. लॉगमध्ये ‘मिसिंग न्यूलाइन’ अशी कुरकुर करतं खरं.

‘पण लॉग बघतंय कोण?’ दादा म्हणाले. ‘आणि हे तर काहीच नाही, पुढे ऐका.’

पुढचं खरोखर काळजीचं निघालं. २१ जानेवारी १९९९ रोजी आइंडहोव्हनच्याच एफटीपी सर्व्हरवर कोणीतरी या सॉफ्टवेअरची भेसळ केलेली प्रत ठेवली. ४२१ या पोर्टवरून जोडणी करणाऱ्याला ती थेट रूट करून टाकायची. राखणीच्या कोडमध्येच चोरवाट! लबाडी लवकर उघडकीस आली, एवढंच नशीब.

आणि आता तर हे नियम वाचणारे प्रोग्रामच कमी झालेत. डिनायमधला नियम पाळायचा तर प्रोग्रामने लिबरॅपला विचारायला हवं. कर्नल स्वतःहून त्यात पडत नाही. दुरून लॉगिन करू देणाऱ्या ओपनएसएसएचने ६.७ या आवृत्तीत, २०१४ साली, हा आधार काढून टाकला. डेबियनने पदरचं ठिगळ लावून तो चालू ठेवला, पण रेड हॅटने आपल्या लिनक्सच्या आठव्या आवृत्तीत लिबरॅपचं पॅकेजच वगळलं. हा बदल मला तत्त्वतः पटतो. फायरवॉल हे काम आधीच्याच टप्प्यावर करते, आणि लायब्ररी कमी तेवढी भेसळीची भीती कमी. खटकतं ते एवढंच, की नियम रद्द झाल्याचं त्या फाइलीला कोणी कळवत नाही. जुन्या सर्व्हरवरची डिनाय नव्या रेड हॅटवर कॉपी होते, ‘ऑल : ऑल’ जशीच्या तशी, अगदी शेवटच्या एंटरसकट. कुठेही एरर येत नाही. तपासणीला आलेला माणूस फाइल उघडतो आणि समाधानाने बरोबरची खूण करतो.

प्रोग्राम लिबरॅपला जोडलेला आहे की नाही, ते एलडीडी ही कमांड सांगते. पण लायब्ररी प्रोग्रामच्या पोटातच स्टॅटिक पद्धतीने घातली असेल तर ती एलडीडीला दिसत नाही. त्यामुळे दादा तिच्यावरही विसंबत नाहीत. नियम लिहून झाला की ते ज्या मशीनला बंदी घातली आहे तिच्यासमोर जाऊन बसतात आणि तिथूनच लॉगिन करून बघतात.