निलंबनाविरुद्धचे अपील मागे घेताना

निलंबनाचा आदेश हाती पडताच शिक्षक अपील करतो. आणि काही महिन्यांनी, कधी कोणी दिलेल्या आश्वासनावर विसंबून, कधी हेलपाट्यांना कंटाळून, तेच अपील मागे घेतो. अपील करताना तो चार जाणत्यांचा सल्ला घेतो. मागे घेताना मात्र एका कागदावर सही करून मोकळा होतो. वास्तविक अधिक सावधगिरी हवी ती येथेच.

निलंबन ही शिक्षा नव्हे. चौकशी निर्वेधपणे पार पडावी म्हणून सेवकास कामापासून दूर ठेवण्याची ती तात्पुरती तजवीज होय. त्यामुळे अपील मागे घेतल्याने आरोप कबूल केला असे होत नाही. विभागीय चौकशीत बचाव मांडण्याचा हक्क कायम राहतो. त्याचप्रमाणे, अपील काढून घेतले की चौकशीही मिटली, हा समजही भ्रामक आहे. ती चालूच राहते.

जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम, १९६४ अन्वये मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशावरील अपील विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे धुळे व जळगावच्या शिक्षकांना नाशिकला, करावे लागते. त्यापुढे छत्रपती संभाजीनगर येथील उच्च न्यायालयाचे खंडपीठ. रावेर वा शिरपूरहून ही वाट दूरची. निर्वाह भत्त्यावर दिवस काढणाऱ्यास ती अधिकच दूरची वाटते.

खंडपीठापुढील याचिका मागे घेताना 'पुन्हा दाद मागण्याची मुभा' न्यायालयाकडून मागून घ्यावी, आणि ते शब्द आदेशात उतरले आहेत की नाहीत हे पाहावे. सरगुजा ट्रान्स्पोर्ट सर्व्हिस या प्रवासी मोटारीच्या परवान्यासंबंधीच्या प्रकरणात अर्जदाराने अशी मुभा न घेता याचिका काढून घेतली व नंतर त्याच कारणासाठी दुसरी दाखल केली. ती चालणार नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली दिला. कायद्यातील इतर मार्ग त्याने बंद झाले नाहीत. पण ते दार मिटले.

केवळ तोंडी आश्वासनावर तर अपील कधीच सोडू नये. आश्वासन देणारे अधिकारी बदलून जातात. मागे घेतलेले अपील मागेच राहते. पुनःस्थापनेचा आदेश आधी हाती यावा, मग 'सेवेत पुन्हा घेतल्यामुळे' असे कारण नमूद करून पुरसीस द्यावी. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ म्हणून धरायचा की नाही, हा प्रश्न निराळा असतो. त्यावर त्या काळातील वेतन व पुढे निवृत्तिवेतन अवलंबून असल्याने, तो हक्क राखून ठेवल्याचे एक वाक्य पुरसीसमध्ये अवश्य असावे.

आर्थिक ओढीमुळे घाईने माघार घेण्याचेही कारण नाही. निर्वाह भत्ता ही मेहेरबानी नव्हे. चंद्रभान ताले यांच्या प्रकरणात, शिक्षेविरुद्ध अपील प्रलंबित असताना महिना एक रुपया भत्ता देणारी महाराष्ट्राच्या नियमांतील तरतूद सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली रद्द केली. तसेच, तीन महिन्यांत दोषारोपपत्र न दिल्यास निलंबन त्यापुढे लांबवू नये, आणि दिले असल्यास मुदतवाढीचा आदेश सकारण असावा, असे त्याच न्यायालयाने अजय कुमार चौधरी प्रकरणात २०१५ साली सांगितले. म्हणून सही करण्यापूर्वी दोषारोपपत्राची तारीख काढून पाहावी. ते मिळालेच नसेल, तर अपिलात अजून पुष्कळ बळ शिल्लक असते.