खेळ का अडखळतो? संगणकातील तात्पुरत्या फाइलींविषयी थोडेसे

संगणकावरचा खेळ अडखळू लागला की घरात दोन मते पडतात. मुलगा म्हणतो, संगणक जुना झाला, आता नवा घ्या. वडील म्हणतात, खेळच बंद कर, म्हणजे प्रश्न मिटला. ह्या दोघांच्या मधून तिसरे एक मत अलीकडे शाळेच्या वऱ्हांड्यापासून कसारा लोकलच्या डब्यापर्यंत सगळीकडे ऐकू येते. ते असे की, ‘टेम्प फाइली उडव, संगणक पळायला लागेल.’ ह्या तिसऱ्या मतात तथ्य किती आणि भाबडेपणा किती, हे आज आपल्याला पाहावयाचे आहे.

प्रश्न केवळ खेळाचा असता तर त्यावर बोलण्याचे फारसे कारण नव्हते. पण आंबिवली, मोहने, अटाळी, वडवली ह्या आमच्या बाजूला मोहने येथील एन. आर. सी.चा कारखाना २००९ साली बंद पडला आणि तेव्हापासून पुष्कळ घरांतून रुपया मोजूनमापून बाहेर पडतो. अशा घरात संगणक असतो एकच, आणि तोही कित्येकदा लॅमिंग्टन रोडवरून आणलेला जुना. त्याच्यावर धाकटा खेळतो, थोरली प्रवेशपरीक्षेचे अर्ज भरते आणि वडिलांची कागदपत्रेही त्यातच असतात. तेव्हा निदान चुकले तर एक तर नव्या यंत्रापायी दोन-तीन महिन्यांचा पगार जातो, नाहीतर भलतीच वस्तू पुसली जाऊन थोरलीचा वर्षाचा प्रकल्प जातो. म्हणून हा विषय थोडा नीट समजून घेतलेला बरा.

प्रथम तात्पुरती फाइल म्हणजे काय ते पाहू. स्वयंपाकघराचे उदाहरण घ्या. ओटा आणि फडताळ अशा दोन जागा तिथे असतात. ज्यावर काम चालते तो ओटा; तो लहान, पण हाताशी. जिथे सामान ठेवायचे ते फडताळ; ते मोठे, पण तिथवर हात न्यावा लागतो. संगणकाची स्मृती, म्हणजे रॅम, हा ओटा. आणि हार्ड डिस्क किंवा एस. एस. डी. हे फडताळ. स्वयंपाक चालू असताना अर्धा चिरलेला कांदा, भिजवलेली चिंच अशा वाट्या आपण काही वेळापुरत्या बाजूला ठेवतो आणि काम झाले की त्या उचलतो. संगणकातले कार्यक्रमही नेमके असेच करतात. नवा खेळ बसवताना उलगडलेले गाठोडे, अद्ययावत करण्यासाठी उतरवून घेतलेले भाग, लिहिता लिहिता ठेवलेली कच्ची प्रत, ह्या सगळ्या तात्पुरत्या फाइली होत. कार्यक्रम बंद करताना त्याने स्वतःच त्या पुसाव्यात, अशी रीत आहे.

मग त्या साठतात कशाने? कार्यक्रम मध्येच कोसळला, किंवा मृगाच्या पहिल्या सरीबरोबर लाईट गेली, की आवरायला कोणी उरत नाही आणि वाट्या तशाच राहतात. काही कार्यक्रम मुळातच अव्यवस्थित असतात. महिने, वर्षे लोटतात आणि फडताळाचा एक कोपरा ह्या खरकट्याने भरतो.

पण फडताळात एक निराळीही वस्तू असते, आणि इथेच लोकांची गल्लत होते. ती वस्तू म्हणजे आधी करून ठेवलेले वाटण. संगणकाच्या भाषेत तिला ‘कॅश’ म्हणतात; मराठीत साठवण म्हणू. खेळाचे चित्र पडद्यावर उमटवणाऱ्या भागाला, म्हणजे ग्राफिक्स कार्डाला, ‘शेडर’ नावाच्या सूचना द्याव्या लागतात. प्रकाश कुठून पडतो, पाणी कसे चमकते, हे त्या सूचना सांगतात. आता कार्डे शेकडो प्रकारची, आणि प्रत्येकाची बोली वेगळी. म्हणून ह्या सूचनांचे भाषांतर तुमच्या घरच्या संगणकावरच करावे लागते, आणि तेच काम पुन्हा पुन्हा नको म्हणून झालेले भाषांतर डिस्कवर साठवले जाते. ही शेडरची साठवण. २०२० साली पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स ह्या संस्थेने ‘राजी’ नावाचा खेळ जगापुढे आणला. तो ‘अनरियल’ ह्या यंत्रणेवर रचलेला आहे. अशा यंत्रणांवर रचलेल्या कित्येक खेळांत, नवे दृश्य प्रथमच समोर आले की क्षणभर झटका बसतो, तो पुष्कळदा ह्या भाषांतराचाच असतो.

तेव्हा खरकटे फेकले तर जागा मोकळी होते. पण त्याबरोबर वाटणही फेकले तर पुढचा स्वयंपाक लवकर होईल का? उलट उशीरच लागेल. शेडरची साठवण पुसल्यावर खेळ पहिली काही मिनिटे अधिकच अडखळतो आणि ती पुन्हा तयार झाली की पूर्वपदावर येतो. हे ठाऊक नसले म्हणजे माणूस घाबरून आणखी काहीतरी पुसायला जातो.

आता थोडा हिशेब करू. खेळ गुळगुळीत दिसावा म्हणून पडद्यावर सेकंदाला ६० चित्रे यावी लागतात. म्हणजे एका चित्राच्या वाट्याला सुमारे १६.७ मिलिसेकंद येतात. जुन्या लॅपटॉपमधली हार्ड डिस्क बहुधा मिनिटाला ५,४०० फेरे घेते, म्हणजे सेकंदाला ९०. एका फेऱ्याला ११ मिलिसेकंद लागतात आणि हवी ती जागा सुईखाली येण्यास सरासरी अर्धा फेरा, म्हणजे साडेपाच मिलिसेकंद. शिवाय सुईचा हात त्या वर्तुळापर्यंत सरकायला आणखी दहाएक मिलिसेकंद. एवढ्यात एका चित्राची वेळ संपत आली! खेळाने एकदा डिस्ककडे मागणी केली आणि उत्तराची वाट पाहत बसला, तर एक चित्र हुकले. दहादा केली तर झटका तुमच्या डोळ्यांना जाणवलाच. एस. एस. डी.मध्ये फिरणारे काही नसते, तिथे हेच काम साधारण एका मिलिसेकंदाच्या दहाव्या भागात होते. जुन्या यंत्रात एस. एस. डी. बसवली की ते तरुण झाल्यासारखे वाटते, त्याचे कारण हेच.

तर मग तात्पुरत्या फाइली काढण्याचा गुण येतो केव्हा? मला तीन प्रसंग दिसतात. पहिला, डिस्क जवळजवळ भरली आहे तेव्हा. ओट्यावर जागा संपली की संगणक काही सामान डिस्कवरच्या एका राखीव फाइलीत ठेवतो. फडताळही भरलेले असले तर त्या फाइलीला वाढायला जागा नाही, आणि खेळ अडखळतो किंवा चक्क बंद पडतो. एस. एस. डी.ची आणखी एक खोड आहे. तिच्यात जुने पुसल्याशिवाय त्याच जागी नवे लिहिता येत नाही, आणि पुसणे मोठ्या तुकड्यांनीच होते. मोकळी जागा फार थोडी उरली की ही हलवाहलव वाढते आणि लिहिण्याचा वेग पडतो. दुसरा प्रसंग, साठवण बिघडली आहे तेव्हा. लाईट गेल्यावर किंवा ग्राफिक्सचा ड्रायव्हर बदलल्यावर खेळ विचित्र वागू लागला तर जुने वाटण नासले असण्याचा संभव असतो. तिसरा, एखादे अद्ययावतीकरण अर्ध्यावर अडकून बसले आहे तेव्हा.

समजा, वडवलीतल्या एका घरी २५६ जीबीची एस. एस. डी. आहे. विंडोजमध्ये ती २३८ दिसते. फसवणूक झाली असे समजू नका, मोजण्याची मापे वेगळी एवढेच. त्यात यंत्रणा आणि कार्यक्रम ७०, दोन मोठे खेळ १००, फोनमधून उतरवलेले फोटो आणि चित्रफिती ६०. उरले ८. तात्पुरत्या फाइली काढून समजा १० सुटले, तर १८ झाले. श्वास घेण्यापुरती सोय झाली. पण लग्नाच्या चित्रफिती बाहेरच्या डिस्कवर हलवल्या तर ह्याच्या कित्येक पट जागा मिळेल. ह्या घरात उपाय लागू पडतो, पण मोठे दुखणे दुसरीकडेच आहे.

आणि डिस्कवर निम्मी जागा मोकळीच असेल तर? तर मग टेम्प फोल्डर रिकामे करून खेळाच्या वेगात फरक पडण्याचे सहसा काही कारण नाही. फडताळातल्या एका कोपऱ्यात चार वाट्या पडून आहेत म्हणून ओट्यावरची भाजी मंद शिजत नसते. अशा वेळी रोग ओळखावयाचा तो त्याच्या वेळेवरून. खेळ सुरुवातीला चांगला चालून वीस-पंचवीस मिनिटांनी मंदावतो ना? मग उष्णता बघा. यंत्र तापले की स्वतःला जपण्यासाठी ते आपला वेग आपणच कमी करते. आमच्याकडचा वैशाखातला उकाडा, पंख्याच्या जाळीत बसलेली धूळ आणि लॅपटॉप गादीवर ठेवण्याची सवय, हे तिन्ही एकत्र आले म्हणजे दुसरे काय व्हायचे! पहिल्या क्षणापासून अखेरपर्यंत सारखाच मंद असेल तर ग्राफिक्स कार्ड किंवा प्रोसेसर कमी पडतो. खेळातली चित्राची प्रत उतरवून पाहा. नवे दृश्य आले की झटका बसत असेल तर डिस्क किंवा शेडर. आणि एकट्याने खेळताना ठीक, पण दहाजणांत खेळताना आपला गडी जागच्या जागी थिजत असेल, तर तो दोष जाळ्याचा. सिंगापूर मुंबईपासून सुमारे चार हजार किलोमीटर. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला दोन लाख किलोमीटर जातो. म्हणजे तिथल्या सर्व्हरला निरोप जाऊन परत यायला किमान ४० मिलिसेकंद हवेतच. हे अंतर टेम्प फोल्डर झाडून कमी होणार नाही.

हे सारे डोळ्यांनी पाहण्याची सोय विंडोजमध्येच आहे. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ह्या तीन कळा एकदम दाबा. टास्क मॅनेजर उघडेल. खेळ चालू असताना प्रोसेसर, मेमरी, डिस्क आणि जी. पी. यू. ह्यांपैकी शंभराला कोण टेकले आहे, ते बघा. जो टेकला त्याच्याकडे आधी जायचे.

आता प्रत्यक्ष सफाई. खेळ आणि इतर कार्यक्रम बंद करा, संगणक एकदा पुन्हा सुरू करा. मग सेटिंग्ज, सिस्टिम, स्टोरेज आणि तिथे टेम्पररी फाइल्स अशा क्रमाने जा. यादी येईल. एकेक नाव वाचून मगच खूण करा. ह्या यादीत ‘डाउनलोड्स’ हेही नाव असू शकते. ते खरकटे नव्हे. तिथे प्रवेशपत्रे असतात, पावत्या असतात. त्याला हात लावू नका. दुसरा मार्ग असा: विंडोजची कळ आणि आर दाबून, टक्क्याचे चिन्ह, रोमन लिपीत टेम्प हा शब्द आणि पुन्हा टक्क्याचे चिन्ह असे लिहा. जे फोल्डर उघडेल त्यातले पुसता येईल. ‘फाइल वापरात आहे’ असे उत्तर आले तर ती सोडून द्या. हट्ट करू नका. मात्र शेजारच्या फोल्डरांत शिरू नका. अनरियलवर रचलेल्या खेळांची साठवलेली प्रगती बहुधा ह्याच परिसरात असते. ती गेली की महिन्याचा खेळ गेला. ‘प्रीफेच’ फोल्डर उडवा, असाही सल्ला देणारे भेटतात. कार्यक्रम लवकर उघडावेत म्हणून यंत्रणेने केलेली ती टिपणे आहेत. ती पुसून पुढच्या खेपेस उशीरच व्हायचा.

सफाईसाठी फुकट मिळणारे कार्यक्रम घ्यावेत का? माझे मत नको असे आहे. २०१७ साली सीक्लीनर ह्या जगप्रसिद्ध कार्यक्रमाच्या ५.३३ ह्या आवृत्तीत चोरांनी आपला कार्यक्रम घुसवला आणि ती आवृत्ती सुमारे २२ लाखांहून अधिक संगणकांवर पोहोचली. ज्याला घर झाडायला बोलावले त्याच्या झोळीतून साप निघाला. नामांकिताची ही गोष्ट, तर अनोळख्याची काय सांगावी? यंत्रणेतच असलेली सोय पुरेशी आहे.

आणि सर्वांत आधी करण्याची गोष्ट शेवटी सांगतो, म्हणजे ती लक्षात राहील. काहीही पुसण्यापूर्वी घरातल्या महत्त्वाच्या कागदांची एक प्रत पेन ड्राइव्हवर किंवा बाहेरच्या डिस्कवर घ्या. ऑक्टोबर २०१८मध्ये खुद्द मायक्रोसॉफ्टच्या विंडोज १०च्या अद्ययावत आवृत्तीने काही लोकांच्या खाजगी फाइली पुसल्या आणि तिचे वाटप थांबवावे लागले. जिथे करणाऱ्याच्याच हातून असे घडते, तिथे आपण सावध राहिलेले बरे.

तेव्हा क्रम असा ठेवावा: आधी प्रत, मग निदान, मग सफाई आणि मग धूळ. एवढ्याने भागले नाही तर रॅम वाढवणे किंवा एस. एस. डी. बसवणे, आणि तेही पुरले नाही, तरच नव्या संगणकाचा विचार. ही कामे मुलाने एकट्याने न करता वडिलांनी आणि थोरल्या बहिणीने शेजारी बसून करवून घ्यावीत. संगणकात कोणाचे काय आहे, हे तेवढ्यानेच घरातल्या सगळ्यांना कळेल, आणि पुढच्या खेपेस कोणाच्याही कामाची वस्तू नकळत पुसली जाणार नाही.