कोळशाने काढलेलं गाव

चित्रकार म्हटलं की फ्रेममधला देखावा आठवतो. पण आज ज्यांच्याविषयी सांगणार आहे, ते प्रभाकर पाचपुते थेट भिंतीवर कोळशाने चित्र काढतात. विषय असतो खाणमजुरांचा आणि जमीन गेलेल्या शेतकऱ्यांचा.

पाचपुते आपल्याच विदर्भातले. १९८६ साली चंद्रपूर जिल्ह्यातल्या सास्ती गावी जन्मले. राजुऱ्याजवळच्या या गावाला लागूनच कोळशाची खाण आहे. त्यांच्या घरच्या तीन पिढ्या खाणीत राबल्या. ते स्वतः गोंदियापलीकडे खैरागडच्या विद्यापीठात आणि नंतर बडोद्याला कला शिकले.

चित्रकाराचा कोळसा खाणीतला नसतो. लाकडाच्या बारीक काड्या जाळून तो करतात, आपल्या चुलीतल्या कोळशासारखाच. पाचपुते त्याने भिंतभर माणसं काढतात. कुणाच्या धडावर डोक्याच्या जागी खाणीतला दिवा, तर कुणाच्या जागी अवजार. मला त्याचा अर्थ असा लागतो की शेतकऱ्याचा मजूर झाला की लोक त्याला नावाने नाही, कामाने ओळखतात. प्रदर्शन संपलं की अशी भिंतीवरची चित्रं बहुधा पुसली जातात. गावही असंच पुसलं जातं, नाही का?

२०२१ साली ब्रिटनमधल्या वेल्सचा ‘आर्टेस मुंडी’ पुरस्कार सहा कलावंतांना मिळून दिला गेला, त्यात पाचपुते होते. वेल्सही जुना कोळसा खाणींचा मुलूख. सास्तीचं दुःख तिथल्या लोकांना सांगून समजवावं लागलं नसेल.

आता आपल्याकडे पाहू. तुमसर तालुक्यात मँगनीजच्या खाणी आहेत. पवनीकडे मात्र गावं उठली ती धरणाने. वैनगंगेवरच्या गोसीखुर्द प्रकल्पाची पायाभरणी १९८८ साली झाली. पुढे माणसं पुनर्वसनाच्या वस्तीत गेली. सातबाऱ्यावर जमिनीचं क्षेत्र होतं, त्याचा हिशेब झाला. पण कोणत्या बांधीत पऱ्हे टाकायचे, पहाटे कोणत्या मोहाखाली फुलं वेचायची, नदीवर धुणं कुठे धुवायचं, याची नोंद कोणत्या कागदावर आहे? कित्येक सातबाऱ्यांवर तर बाईचं नावही नव्हतं. तिचं गाव फक्त तिच्या आठवणीत उरलं. ती म्हातारी गेली की तेही जाईल, कारण वस्तीत जन्मलेल्या पोरांनी ते पाहिलेलंच नाही.

म्हणून एक सुचवते. पुढच्या बैठकीत बचतीचा हिशेब झाला की एक मोठा कागद पसरा. ज्यांचं गाव उठलं, त्या आजीला मधे बसवा. ती सांगेल तसं विहीर, पार, बोडी, बांध्या, माहेरची पायवाट काढा. प्रत्येक जागेचं नाव लिहा. चित्र वाकडं आलं तरी चालेल. खाली गावाचं नाव, सांगणारीचं नाव आणि तारीख घाला, आणि तो कागद गटाच्या दप्तरात जपून ठेवा.

ज्यांचं गाव जागेवरच आहे, त्यांनीही हे करावं. सून म्हणून दुसऱ्या गावी आलेल्या आपण सगळ्याच एक गाव मागे ठेवून आलोय.