ऊन पडलं की काम बंद

संपादकांना लेख हवा होता थिओ अँजेलोपोलस या ग्रीक दिग्दर्शकावर. सिनेमे पुन्हा बघायला बसलो आणि श्रेयनामावलीत दुसऱ्याच नावावर अडकलो: छायाचित्रकार योर्गोस आर्वानितिस.

जन्म १९४१ चा. साठच्या दशकात अथेन्सच्या धंदेवाईक सिनेमात त्याचा हात बसला. १९७० च्या ‘रीकन्स्ट्रक्शन’पासून तो अँजेलोपोलसबरोबर आला, तो १९९८ च्या ‘इटर्निटी अँड अ डे’पर्यंत. त्या सिनेमाला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. गाजला अर्थातच दिग्दर्शक.

‘द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स’ (१९७५) जवळपास चार तासांचा, आणि शॉट जेमतेम ऐंशीच्या आसपास! त्यात १९४६ च्या नववर्षाच्या नाचातून उजव्या गटाचे पुरुष बाहेर पडतात, गात गात रस्त्यानं निघतात आणि चालता चालता १९५२ च्या प्रचारसभेत पोचतात. शॉट एकच. ना पाटी, ना डिझॉल्व्ह. हा प्रसंग मी मागे नेऊन नेऊन पाहिला. सहा वर्षं नेमकी कुठे सरली ते बोट ठेवून सांगता येत नाही.

असल्या शॉटमध्ये चूक लपवायला जागाच नसते. ट्रॉली अडखळली, फोकस हलला, गर्दीतला एखादा उगाच कॅमेऱ्याकडे बघून गेला, की पुन्हा पहिल्यापासून. पस्तीस मिलिमीटरचं हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं, म्हणजे पल्लाही ठरलेला. त्यात अँजेलोपोलसला पर्यटकांचा निळा ग्रीस नको होता. त्याला हवा होता उत्तरेकडचा हिवाळा: मळभ, चिखल, ओल्या भिंती. छायाचित्रकारालाही ढग सोयीचेच. शॉटच्या मधेच ऊन आलं तर सावल्या पडतात, उजेड बदलतो, आणि कापून जोडायची मुभा नाही. म्हणून ढगांसाठी थांबायचं. ज्या देशात बाकीचे उन्हासाठी येतात, तिथे!

अडचणी हवामानाच्याच होत्या असं नाही. ‘ट्रॅव्हलिंग प्लेयर्स’चं चित्रीकरण सुरू झालं तेव्हा सत्तेवर लष्करशहा होते; ते जुलै १९७४ मध्ये कोसळले. ‘द सस्पेंडेड स्टेप ऑफ द स्टॉर्क’च्या (१९९१) वेळी उत्तर ग्रीसमधल्या फ्लोरिना गावाच्या बिशपनं चित्रीकरणाविरुद्ध मोहीम उघडली. ‘युलिसिस गेझ’च्या (१९९५) चित्रीकरणादरम्यान नट जान मारिया वोलोंते वारला, त्याची भूमिका एर्लांड योसेफसननं केली. त्याच सिनेमातल्या सारायेवोत तेव्हा युद्ध पेटलेलं, म्हणून कॅमेरा मोस्तार आणि वुकोवारच्या पडक्या रस्त्यांत लागला. सिनेमातल्या सारायेवोच्या हत्याकांडात पडदा धुक्यानं भरून जातो, नुसते आवाज येतात. आर्वानितिस आणि त्याचा जोडीदार आंद्रेआस सिनानोस यांना इथे दाखवायचं नव्हतं, झाकायचं होतं. आणि तेही धुकं कुठे फाटू न देता.