भाड्याने मिळणारा क्षण

उद्याची वार्ता आज विकणारी पेढी कादंबरीतच शोभावी, असे कोणासही वाटेल. परंतु व्यापारात इतरांच्या क्षणभर आधी कळलेला भाव हेही भविष्यच होय, आणि त्याचा सौदा वांद्रे-कुर्ला संकुलात घडला. तेथील राष्ट्रीय शेअर बाजाराने दलालांचे संगणक स्वतःच्या यंत्रांलगत ठेवण्याची सोय भाड्याने दिली. भावांची माहिती मात्र त्यांनाही एकदम जात नसे. जो आधी जोडला जाई त्याला आधी, मागच्याला नंतर. हा फरक पापणी लवण्याहून अल्प. पण यंत्राला तेवढा पुरतो.

‘सेबी’ने एप्रिल २०१९ मध्ये बाजाराला ६२४.८९ कोटी रुपये व्याजासह भरण्यास फर्मावले. जानेवारी २०२३ मध्ये अपील न्यायाधिकरणाने ती वसुली रद्द केली आणि पुरेशी दक्षता न घेतल्याबद्दल गुंतवणूकदारांच्या निधीत शंभर कोटी जमा करावयास सांगितले. माहितीचे वितरण पुढे सुधारले, हे मान्य. यंत्रालगतची जागा मात्र आजही भाड्याने मिळते, आणि तीही कायदेशीरपणे. बोरिवलीचा कारकून बचतीतून चार शेअर घेतो, तेव्हा त्याला दिसणारा भाव कोणीतरी आधीच पाहिलेला असतो.